पडद्याच्या कडेची बाई: जुन्या जपानी सिनेमातल्या दुय्यम अभिनेत्रीची कारकीर्द कशी जुळवावी

दिग्दर्शक ओझू यासुजिरोचे १९३० च्या दशकातले सिनेमे ओळीने पाहिले की एक बाई पुन्हा पुन्हा भेटते. १९३१ मध्ये ती मास्तरांची बायको असते, १९३३ मध्ये खाणावळीची मालकीण, १९३४ मध्ये फिरत्या नाटक मंडळीच्या मालकापासून झालेलं मूल एकटीने वाढवणारी आई. आणि १९३६ मध्ये 'हितोरी मुसुको' म्हणजे 'एकुलता एक मुलगा' हा ओझूचा पहिला बोलपट ती जवळजवळ एकटीच्या बळावर तोलून धरते. ही ईदा च्योको. जन्म १५ एप्रिल १८९७, मृत्यू २६ डिसेंबर १९७२. मधल्या काळात शेकडो सिनेमे, आणि त्यांतले बहुतेक दुसऱ्याच्या कथेत.

इफ्फी, म्हणजे भारताचा आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सव, २००४ पासून गोव्यात भरतो. त्यामुळे पणजी-मडगावकडच्या सिनेमावेड्यांना जुने जपानी सिनेमे नवे नाहीत आणि अशा एखाद्या बाईबद्दल लिहावं, तिची पूर्ण यादी करावी, असं वाटणारी मंडळी इथे आहेत. त्यांच्यासाठी ही कामाची पद्धत. उदाहरणाला बहुतेक ठिकाणी ईदा च्योकोच घेतली आहे. पद्धत मात्र तिच्या पिढीतल्या कुठल्याही दुय्यम अभिनेत्रीला लागू पडते.

एक गोष्ट आधीच पक्की करून ठेवावी. सुरुवात पाहायला मिळणाऱ्या सिनेमांपासून करायची नाही, कागदापासून करायची. दुसऱ्या महायुद्धापूर्वीचे बहुतांश जपानी सिनेमे आज उरलेले नाहीत. काही १ सप्टेंबर १९२३ च्या भूकंपात आणि त्यानंतरच्या आगींत गेले, काही युद्धातल्या बॉम्बहल्ल्यांत, आणि कितीतरी निव्वळ बेफिकिरीने, कारण नायट्रेटची फिल्म पेटायला सोपी आणि सांभाळायला महाग. जे उरलं त्यात मोठ्या दिग्दर्शकांचं काम जास्त, कारण त्यांच्याच प्रती शोधल्या, जपल्या आणि छापल्या गेल्या. म्हणून दिसतं तेवढ्यावरून लिहिलं की ईदा च्योको 'ओझूची आई' होऊन बसते. तिची कारकीर्द त्याहून फार रुंद होती. युद्धानंतर १९६१ पासून तोहो कंपनीच्या 'वाकादाइशो' या सिनेमामालिकेत ती नायकाची आजी म्हणून गाजली आणि त्या पिढीतल्या तरुण प्रेक्षकाने ओझूचा मूकपट पाहिलेलाही नसेल.

कोणाला निवडावं

पहिल्यांदाच हे काम करत असाल तर अशी अभिनेत्री घ्या जी बराच काळ एकाच कंपनीत होती आणि जिचे निदान चार-पाच सिनेमे आज पाहता येतात. शोचिकु कंपनीच्या कामाता स्टुडिओतल्या बायका यासाठी सोयीच्या. हा स्टुडिओ १९२० मध्ये सुरू झाला आणि जानेवारी १९३६ मध्ये ओफुनाला हलला, त्यामुळे काळाला दोन्ही बाजूंनी कुंपण मिळतं. ईदा च्योको, योशिकावा मित्सुको (१९३२ च्या 'उमारेते वा मिता केरेदो' या सिनेमातल्या दोन खट्याळ मुलांची आई) या तिथल्याच. क्योतोच्या कंपन्या सतत फुटत, विलीन होत, नावं बदलत. तिकडची बाई दुसऱ्या खेपेला घ्यावी.

नाव: इथेच सगळ्यात जास्त चुका होतात

निम्मं काम नावात आहे, म्हणून इथे घाई करू नका. वहीच्या पहिल्या पानावर नाव चार प्रकारे लिहावं: मूळ कांजी लिपीत (चिनी मुळाच्या चिन्हांत), काना या उच्चारदर्शक लिपीतला उच्चार, रोमन रूपं जितकी सापडतील तितकी, आणि आपलं ठरवलेलं देवनागरी रूप. शोध घेताना कायम कांजी वापरायची. रोमन रूपावर भिस्त ठेवली तर एकच बाई तीन वेगळ्या नावांनी तीन ठिकाणी विखुरलेली सापडते, कारण रोमनीकरणाच्या दोन पद्धती आहेत, दीर्घ स्वराची खूण कोणी देतं कोणी देत नाही, आणि पाश्चात्त्य याद्यांत आडनाव शेवटी जातं.

कांजीतही दोन रूपं असतात. युद्धानंतर जपानने अनेक चिन्हं सोपी केली. आडनावांत येणारी 'सावा', 'हामा', 'हिरो' ही चिन्हं जुन्या छापील मासिकांत एका रूपात आणि आजच्या याद्यांत दुसऱ्या रूपात दिसतात. संगणकाला ही दोन वेगळी अक्षरं वाटतात. म्हणून प्रत्येक शोध दोनदा करायचा, एकदा जुन्या रूपाने आणि एकदा नव्या. एकाच रूपाने शोधून 'काही सापडत नाही' असा निष्कर्ष काढणं ही नवशिक्याची ठरलेली चूक.

उच्चाराचा सापळा याहून खोल आहे. कांजी नावाचा उच्चार चिन्हावरून ठरत नाही, माणसावरून ठरतो. ईदा च्योकोचा नवरा ओझूचा छायाचित्रकार होता. त्याचं आडनाव काही ठिकाणी 'मोहारा' आणि काही ठिकाणी 'शिगेहारा' असं वाचलेलं सापडतं. चिन्हं तीच, माणूस तोच, हिदेओ. 'हितोरी मुसुको'चा आवाज त्याने स्वतः उभारलेल्या ध्वनियंत्रणेवर नोंदवला गेला. नवऱ्याचं नाव दोन माणसं समजून लिहिलं की बायकोची कारकीर्दही चुकीची मांडली जाते, कारण दोघांचं काम एकमेकांत गुंतलेलं आहे.

जुन्या काना लेखनाचाही विचार ठेवा. फुलपाखरासाठीचा 'च्यो' हा उच्चार पूर्वी 'ते-फु' असा लिहीत. च्योकोच्या नावात हेच फुलपाखरू आहे. यांत्रिक भाषांतर अशा जागी दगा देतं. नावाचंच भाषांतर करून 'फुलपाखरू मूल' असलं काहीतरी पुढ्यात टाकतं. कलाकारांची यादी यंत्राकडून कधीही भाषांतरित करून घेऊ नये. यादीतली कांजी उचलून तशीच वहीत चिकटवावी आणि एकेक नाव हाताने तपासावं.

मग नाव बदलणं. गोव्यातल्या वाचकाला हे समजावून सांगायला नको. बांदिवड्याची दुर्गा केळेकर पुढे ज्योत्स्ना भोळे झाली, आणि हे माहीत नसलेला माणूस जुन्या कागदांत तिला अर्धीच शोधेल. जपानी नट्याही रंगमंचावरचं नाव बदलत, कधी कंपनीच्या सांगण्यावरून, कधी शुभाशुभाच्या कल्पनेने, कधी पुनरागमन करताना. १९३१ च्या 'तोक्यो नो कोरासु' मधली बायको यागुमो एमिको आणि १९३४ च्या 'उकिकुसा मोनोगातारी' मधली चिडलेली नटी यागुमो रिएको या दोघी एकच. तिच्या 'एमिको'तल्या पहिल्या चिन्हाचीही दोन रूपं आहेत, म्हणजे शोध तीन नावांनी करावा लागतो.

अजून एक, आणि हे १९२३ च्या आधीच्या याद्यांना लागू. स्त्री-भूमिकेपुढे नाव आहे म्हणून ती बाईच असेल असं धरू नका. जपानी सिनेमात बायकांच्या भूमिका सुरुवातीला पुरुष करत. त्यांना ओन्नागाता किंवा ओयामा म्हणत. आपल्याकडच्या स्त्रीपार्टीसारखीच ही परंपरा, आणि निक्कात्सु कंपनीच्या मुकोजिमा स्टुडिओत ती १९२२ पर्यंत टिकली. नंतर दिग्दर्शक म्हणून जगभर नाव झालेला किनुगासा तेइनोसुके याची सिनेमातली सुरुवात तिथेच ओन्नागाता म्हणून झाली. बायकांना पडद्यावर आणण्याचं पाऊल दिग्दर्शक काएरियामा नोरिमासाने टाकलं. १९१९ मध्ये पडद्यावर आलेल्या त्याच्या सिनेमात हानायागी हारुमीने काम केलं. १९२० मध्ये शोचिकु आणि ताइकात्सु या कंपन्यांनी तोच मार्ग धरला. म्हणून १९१९ पूर्वीच्या यादीत 'सहअभिनेत्री' सापडली तर आधी संशय घ्यावा.

साल आणि वय

जुने कागद राजाच्या कालगणनेत असतात. हिशेब सोपा आहे, पण तो लिहून भिंतीवर लावा: मेइजी सालात १८६७ मिळवा, ताइशो सालात १९११, शोवा सालात १९२५. मेइजी ३० म्हणजे १८९७. १९२६ हे साल दोन्हीकडे मोडतं, कारण ताइशो सम्राट २५ डिसेंबर १९२६ रोजी वारला आणि शोवा १ हे वर्ष जेमतेम आठवडाभर चाललं. त्यामुळे कुठल्या यादीत 'शोवा १' मधले भरपूर सिनेमे दिसले तर यादी करणाराने ताइशो १५ चं सरसकट रूपांतर केलेलं आहे एवढंच समजायचं.

वय मोजायची जुनी रीत वेगळी होती. जन्मताच एक वर्ष आणि दर नववर्षाला एक वाढवायचं. एप्रिल १८९७ मध्ये जन्मलेली बाई जानेवारी १९२३ च्या मासिकात २७ वर्षांची असते, आपल्या हिशेबाने ती २५ ची. मुलाखतीतलं वय उलटं मोजून जन्मसाल काढणारे हमखास एक-दोन वर्षांनी चुकतात. त्यातून नट्या स्वतः वय कमी सांगत ते वेगळंच.

वही

संगणकावरची तक्ता-वही वापरा, पण स्तंभ विचार करून आखा. सिनेमाचं मूळ लिपीतलं नाव, देवनागरी नाव, प्रदर्शनाची तारीख, कंपनी आणि स्टुडिओ, दिग्दर्शक, छायाचित्रकार, रिळांची संख्या किंवा मीटरमधली लांबी, यादीत तिचं नाव कितवं, भूमिकेचं नाव, भूमिकेचं एका ओळीत वर्णन, भूमिकेचं वय, त्या दिवशी तिचं खरं वय, प्रत कितपत टिकली आहे, पुरावा, शंका. पंधरा स्तंभ होतात. कमी केले तर नंतर सगळं पुन्हा चाळावं लागतं.

यातले तीन स्तंभ फालतू वाटतात, आणि तेच पुढे बोलू लागतात. पहिला म्हणजे यादीतला क्रम. दहा वर्षांचे क्रम एकाखाली एक वाचले की बाई वर चढतेय की खाली उतरतेय हे कुठल्याही मुलाखतीपेक्षा स्पष्ट दिसतं. मात्र सावध राहा. जपानी रिवाजात यादीतलं शेवटचं नावही मानाचं असू शकतं. शेवटून पहिली म्हणजे सगळ्यात क्षुल्लक, असं लिहून मोकळे होऊ नका.

दुसरा स्तंभ भूमिकेचं नाव. याच्यावरून सिनेमा ओळखायचा मोह आवरा. १९३४, १९३५ आणि १९३६ अशा लागोपाठ तीन वर्षांत ओझूच्या तीन सिनेमांत ईदा च्योकोच्या पात्राचं नाव त्सुने किंवा ओत्सुनेच आहे. 'ओत्सुनेची भूमिका' एवढंच कुठे छापलेलं सापडलं तर ते कुठल्या सिनेमाचं, हे तारखेशिवाय कळणार नाही.

तिसरा, भूमिकेचं वय आणि खरं वय यांतलं अंतर. जपानीत म्हाताऱ्या भूमिकांना फुके-याकु म्हणतात, दुय्यम भूमिकेला वाकि-याकु आणि अगदी किरकोळ कामाला हा-याकु. ईदा च्योको 'हितोरी मुसुको'च्या वेळी ३९ वर्षांची होती आणि मोठ्या मुलाची थकलेली आई झाली होती. ती कितव्या वर्षापासून म्हाताऱ्या करू लागली हे या स्तंभातून एका नजरेत दिसतं. दुय्यम अभिनेत्रीच्या आयुष्यातलं हे सगळ्यात मोठं वळण. नायिका ओसरते तेव्हा बातमी होते, फुके-याकुकडे वळणारीची बातमी होत नाही.

पुराव्याला प्रतवारी ठरवून द्या. 'अ' म्हणजे पडद्यावर प्रत्यक्ष ओळखली किंवा सिनेमातल्याच श्रेयनामावलीत नाव आहे. 'ब' म्हणजे त्या काळच्या मासिकात किंवा थिएटरच्या पत्रकात नाव आहे. 'क' म्हणजे नंतरच्या पुस्तकात किंवा संगणकीय यादीत. 'ड' म्हणजे अंदाज. नियम एकच: 'क' दहा ठिकाणी सापडलं तरी 'ब' होत नाही. संगणकीय याद्या एकमेकींवरून उतरवलेल्या असतात, त्यामुळे दहा याद्यांतली चूक बहुधा एकाच ठिकाणाहून आलेली असते.

प्रदर्शनाच्या तारखेचं थोडं. मोठ्या शहरातल्या पहिल्या खेळाची तारीख धरायची असते. गावोगावी प्रती नंतर जात, म्हणून प्रादेशिक वर्तमानपत्रातली जाहिरात महिनोन् महिने उशिराची असू शकते. ती दुसरी नोंद म्हणून ठेवा, नवा सिनेमा म्हणून नको.

गोव्यात बसून कागद कुठून मिळवावेत

पहिला हात जपानच्या राष्ट्रीय संसद ग्रंथालयाच्या डिजिटल संग्रहाला. तिथल्या वस्तू तीन थरांत आहेत: कोणालाही उघडणाऱ्या, नोंदणीकृत वाचकांसाठीच्या, आणि फक्त ग्रंथालयाच्या इमारतीत दिसणाऱ्या. बंद थर पाहून लोक नाउमेद होतात. तसं होऊ नका. पूर्ण मजकुरातला शोध बंद पुस्तकांतही चालतो आणि नाव कुठल्या पानावर आहे, आजूबाजूचे चार शब्द कोणते, हे दाखवतो. तेवढ्यावर पान क्रमांकांची यादी करायची आणि मग त्याच पानांच्या प्रती रीतसर नोंदणी करून मागवायच्या. 'या अभिनेत्रीबद्दल जे असेल ते पाठवा' अशी मागणी कोणी पूर्ण करू शकत नाही. 'अमुक मासिक, अमुक अंक, पान ४२' ही पूर्ण होते. जुन्या छपाईचं यांत्रिक वाचन चुकतं, म्हणून पूर्ण नावाने काही मिळालं नाही तर फक्त आडनाव आणि सिनेमाचं नाव जोडून पाहा.

मासिकांत आधार 'किनेमा जुन्पो'चा. ते जुलै १९१९ मध्ये सुरू झालं. त्यात नव्या सिनेमांची माहिती कलाकारांच्या यादीसह आणि कथेच्या सारांशासह येई. सारांश टाळू नका. सिनेमा नष्ट झालेला असेल तर 'शेजारीण पैसे उसने देते' हे एवढंसं वाक्यच त्या भूमिकेचं उरलेलं आयुष्य असतं. वर्षाच्या उत्कृष्ट जपानी सिनेमांची त्यांची क्रमवारी १९२६ पासूनची आहे. १९३२, १९३३ आणि १९३४ अशी तिन्ही वर्षं ओझू पहिला आला.

तोक्योतल्या क्योबाशीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे. २०१८ मध्ये ते आधुनिक कला संग्रहालयापासून वेगळं होऊन स्वतंत्र झालं. वासेदा विद्यापीठाचं नाट्यसंग्रहालय १९२८ चं आहे. नटी रंगभूमीवरून आलेली असेल तर तिची सिनेमापूर्वीची वर्षं तिथल्या कागदांत शोधावीत. पत्र छोटं लिहा, जपानीत लिहिता आलं तर उत्तम, नाहीतर साध्या इंग्रजीत. पण नावं कांजीतच. जपान आपल्यापेक्षा साडेतीन तास पुढे आहे. तिथे संध्याकाळचे पाच वाजतात तेव्हा इथे दुपारचा दीड, त्यामुळे त्याच दिवशी उत्तर हवं असेल तर सकाळीच लिहायला हवं.

इकडे बसायला पणजीत पाटोवरचं कृष्णदास शामा गोवा राज्य मध्यवर्ती ग्रंथालय चांगलं. १८३२ मध्ये सुरू झालेलं हे ग्रंथालय देशातल्या सगळ्यात जुन्या सार्वजनिक ग्रंथालयांपैकी आहे. जपानी सिनेमावरचे ग्रंथ चाळायचे तर पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाची फेरी ठरवावी. जाण्यापूर्वी हव्या त्या पुस्तकांची यादी कळवावी आणि ती काढून ठेवली आहेत याची खात्री झाल्यावरच गाडी पकडावी.

नट्यांची छापील छायाचित्रं, ज्यांना जपानीत बुरोमाइदो म्हणतात, चेहरा ओळखायला फार उपयोगी. तोक्योच्या असाकुसातलं मारुबेल-दो हे दुकान १९२१ पासून ती विकतं. मूळ छायाचित्र मिळवलंत तर आपल्या पावसाळ्याचा विचार करा. जून ते सप्टेंबर गोव्यातल्या हवेत कागदाला बुरशी धरायला आठवडा पुरतो. लॅमिनेशन अजिबात नको. आम्लरहित कागदाच्या पाकिटात घालून, झाकण घट्ट बसणाऱ्या डब्यात सिलिका जेलच्या पुड्यांसोबत ठेवा. पुड्या ओलावल्या की वाळवा किंवा बदला.

मग पाहायला बसा

वही भरत आली की पडद्याकडे वळायचं. प्रत्येक सिनेमासाठी आधी लांबी तपासा. ३५ मिलिमीटरच्या फिल्मवर एका मीटरमध्ये साधारण ५२.५ चौकटी बसतात. मासिकात २,००० मीटर छापलं असेल तर १,०५,००० चौकटी झाल्या. सेकंदाला १८ चौकटींच्या वेगाने तो सिनेमा सुमारे ९७ मिनिटांचा, २४ च्या वेगाने सुमारे ७३. तुमच्यासमोरची प्रत ५५ मिनिटांची असेल तर वेग काहीही धरा, काहीतरी गेलेलं आहे. आणि गेलेल्या भागात बहुधा दुय्यम पात्रांचेच प्रसंग असतात, कारण कात्री लावणारा नायक-नायिकेला हात लावत नाही.

याचं टोक म्हणजे पाथे बेबीच्या साडेनऊ मिलिमीटर प्रती. घरी दाखवण्यासाठी काढलेल्या या छोट्या आवृत्त्या. ओझूचा १९२९ चा 'वासेइ केंका तोमोदाची' अशा तुटपुंज्या रूपात, सुमारे १४ मिनिटांचाच उरला आहे. यादीत नाव आहे आणि प्रतीत बाई दिसत नाही, तर यादी चूक आहे असं लिहू नका. 'टिकलेल्या भागात दिसत नाही' असं लिहा. १९३४ च्या 'हाहा ओ कोवाझु या' या सिनेमाचं पहिलं आणि शेवटचं रीळ हरवलं आहे. त्यात योशिकावा मित्सुको आई आहे आणि ईदा च्योको एका बदनाम हॉटेलात झाडलोट करणारी. आईच्या भूमिकेचा आरंभ आणि शेवट दोन्ही आपल्याला फक्त संहितेवरून कळतात, आणि तसं नमूद केल्याशिवाय त्या अभिनयावर मत देणं अन्यायाचं.

ओळख पटवायची रीत अशी. आधी जिथे भूमिका निर्विवाद आहे असे दोन सिनेमे घ्या, थांबवून समोरून, बाजूने आणि चालताना असे नमुने काढून ठेवा. मग संशयाच्या जागी तुलना करा. चेहऱ्यापेक्षा कान, चाल, बसताना हात कुठे जातात हे जास्त भरवशाचं. केशरचनेवर विसंबू नका, पण ती वाचायला शिका. मारुमागे हा लग्न झालेल्या बाईचा अंबाडा, शिमादा अविवाहितेचा किंवा गेइशाचा. पात्राची स्थिती प्रेक्षकाला यातूनच कळत असे. मूकपटात पात्राची ओळख सांगायला शिवाय बेन्शी असे, पडद्याशेजारी उभा राहून कथा बोलणारा. पिंगुळीच्या चित्रकथीत चित्रं कमी बोलतात आणि सांगणारा जास्त, तसंच काहीसं. त्यामुळे आज मुक्याने पाहताना छोटं पात्र अधांतरी वाटलं, तर तेव्हाच्या प्रेक्षकाला ते तसं वाटलं नसणार हे ध्यानात ठेवा.

पहिल्यांदा पाहताना कथा पाहा. दुसऱ्यांदा फक्त तिला पाहा, ती बोलत नसताना जास्त. घड्याळ लावून तिचा पडद्यावरचा वेळ मोजा आणि वहीत टाका.

रिकाम्या जागा

यादीत सहा महिने ते दोन वर्षांची पोकळी निघेल. तिला 'निवृत्ती' असं नाव द्यायची घाई नको. आधी कंपनीचा इतिहास तपासा. सप्टेंबर १९२३ च्या पोकळीचं कारण भूकंप. निक्कात्सुचं मुकोजिमा बंद पडून काम क्योतोला गेलं, शोचिकुनेही काही मंडळी क्योतोच्या शिमोगामोला हलवली. १९३१ नंतरच्या पोकळीत बोलपट बसतो. त्या वर्षी ऑगस्टमध्ये गोशो हेइनोसुकेचा 'मादामु तो न्योबो' आला आणि त्यानंतर आवाज, बोली, पाठांतर यांची परीक्षा सुरू झाली. जपानमध्ये मूकपट १९३५ च्या आसपासपर्यंत निघत राहिले, म्हणजे ही परीक्षा एका दिवशी झाली नाही. ऑक्टोबर १९३९ पासून चित्रपट कायदा अमलात आला, नटनट्यांना नोंदणी सक्तीची झाली. १९४२ पर्यंत कथाचित्रपटांच्या कंपन्या आटून तीनवर आल्या आणि सिनेमेच कमी निघू लागले.

काही पोकळ्या माणसाच्या असतात. १९३५ च्या 'तोक्यो नो यादो'मधली तरुण आई ओकादा योशिको ३ जानेवारी १९३८ रोजी साखालिन बेटावरची सीमा ओलांडून सोव्हिएत संघात गेली. त्या तारखेनंतर १९७० च्या दशकापर्यंत जपानी यादी कोरी, आणि कारण सिनेमाच्या मासिकात सापडण्यापेक्षा रोजच्या वर्तमानपत्रात सापडतं. उमेमुरा योकोची वाट उलटी. १९२० च्या दशकात निक्कात्सुची नायिका, १९३६ मध्ये दिग्दर्शक मिझोगुचीच्या सिनेमांत मोठ्या बहिणीच्या आणि शेटजीच्या बायकोच्या भूमिका, १९४४ मध्ये मृत्यू. तिच्या यादीत पोकळी नाही, यादीतला क्रम आणि भूमिकेचं वय हे स्तंभ मात्र बदलताना दिसतात.

स्टुडिओतली श्रेणीही इथेच कामाला येते. वर कान्बु, त्याखाली जुन-कान्बु आणि तळाला ओबेया, म्हणजे सामाईक मोठ्या खोलीत रंगरंगोटी करणारे किरकोळ कलाकार. ओबेयातल्या बाईचं नाव कुठेच छापलं जात नसे. कारकिर्दीच्या सुरुवातीची एक-दोन वर्षं कोरी असतील तर ती बहुधा इथे गेलेली असतात. तिथे 'ड' लिहून पुढे जा.

मराठीत लिहिताना

आडनाव आधी ठेवा, जपानी रीतीने. मराठीत 'च' आणि 'ज' यांचे दोन-दोन उच्चार आहेत, म्हणून 'चोको' लिहिलं की वाचणारा 'चोर'मधला च उच्चारतो. 'च्योको' लिहा, 'ज्योती'च्या धर्तीवर. 'चि' आणि 'जि'ला ही अडचण नाही, तिथे उच्चार आपोआप बरोबर येतो. दंत्य ध्वनीसाठी 'झ' वापरा: ओझू, मिझोगुची. 'त्सु' तोडू नका. एकदा ठरवलेलं रूप शेवटपर्यंत तेच, आणि पहिल्या उल्लेखाच्या वेळी सिनेमाच्या नावाचा मराठी अर्थ द्या.

लेखाची सुरुवात जन्मापासून करायचं बंधन नाही. वहीत सगळ्यात वर 'अ' पुरावा असलेली, तुम्ही स्वतः दोनदा पाहिलेली एक छोटी भूमिका निवडा आणि ती नीट वर्णन करून तिथून मागे-पुढे जा. हरवलेल्या सिनेमातल्या अभिनयाचं वर्णन करू नका, त्या काळच्या समीक्षकाने काय म्हटलं तेवढं द्या आणि ते त्याचं मत आहे हे सांगा. 'ड' नोंदी मजकुरात आणायच्या नाहीत. 'क' नोंदी आणल्या तर 'नंतरच्या यादीनुसार' हे दोन शब्द जोडा. लेखाला जोडायची यादी पूर्ण द्या, नष्ट झालेल्या सिनेमांसकट, आणि प्रत्येक ओळीसमोर प्रत पूर्ण, अपुरी की नाही हे लिहा. ईदा च्योकोच्या बाबतीत त्या यादीतल्या १९२० च्या दशकातल्या ओळींसमोर जवळजवळ सगळीकडे 'नाही' येईल. तरीही त्या ओळी गाळू नका, कारण ती पडद्यावर म्हातारी व्हायला शिकली ते त्याच सिनेमांत.